लोह: जमिनीत भरपूर, मग रक्तात कमी का?

जालना हे स्टीलचे शहर. इथल्या एमआयडीसीत भंगार आणि स्पंज आयर्न वितळवून बांधकामाच्या सळया तयार होतात. पण याच शहरात आणि आसपासच्या गावांत दवाखाना चालवताना रोज कानावर पडणारे वाक्य असते, "डॉक्टर, रक्त कमी सांगितलंय."

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीनुसार (२०१९-२१) महाराष्ट्रात १५ ते ४९ वयोगटातील ५४.२ टक्के स्त्रियांना आणि ६ महिने ते ५ वर्षे वयाच्या ६८.९ टक्के मुलांना रक्तक्षय म्हणजे ॲनिमिया होता. पुरुषांतील प्रमाण २१.९ टक्के होते. रक्तक्षयाची कारणे अनेक आहेत, पण त्यातले सर्वात मोठे कारण लोहाची कमतरता हे आहे.

लोह दुर्मिळ नाही. ते मातीत आहे, भाकरीत आहे, सरकारी दवाखान्यात मोफत मिळणाऱ्या गोळीतही आहे. अडचण असते ती ते रक्तापर्यंत पोहोचण्याची. या लेखात लोह या मूलद्रव्याची थोडक्यात ओळख करून घेऊ आणि मग ते शरीराला कसे मिळवून द्यायचे ते पाहू.

लोह म्हणजे काय?

लोह हे धातू गटातील मूलद्रव्य आहे. त्याचा अणुक्रमांक २६ असून 'फेरम' या लॅटिन नावावरून त्याची रासायनिक संज्ञा 'एफई' अशी ठेवली आहे. शुद्ध लोह चंदेरी-करडे असते, पाण्याच्या जवळपास आठपट जड असते, सुमारे १५३८ अंश सेल्सिअसला वितळते आणि लोहचुंबकाकडे ओढले जाते. पृथ्वीच्या कवचात वजनाने सुमारे ५ टक्के लोह आहे. आपल्या मराठवाड्यातील काळा पाषाण, म्हणजे बेसॉल्ट, हाही लोहयुक्त खडक आहे.

शुद्ध लोह तसे मऊ असते. त्यात थोडा कार्बन मिसळला की पोलाद तयार होते. सळई, नांगराचा फाळ, रेल्वेचे रूळ, सुई, शस्त्रक्रियेची हत्यारे ही सगळी पोलादाचीच रूपे.

आरोग्याच्या दृष्टीने लोहाचा एक गुणधर्म महत्त्वाचा आहे. लोह मुख्यतः दोन रूपांत आढळते, फेरस आणि फेरिक. फेरस लोह पाण्यात सहज विरघळते. हवेशी संबंध आला की त्याचे फेरिक होते, आणि फेरिक लोह आम्लाशिवाय फारसे विरघळत नाही. लोखंडावरचा तांबूस गंज हे फेरिक लोहच आहे. शरीराला लोह मिळणे किंवा न मिळणे बरेचसे या फरकावर अवलंबून असते.

शोध कोणी लावला?

लोखंडाचा शोध एका माणसाच्या नावावर नाही. माणसाच्या हाती आलेले सुरुवातीचे लोखंड उल्कांमधले होते. इजिप्तचा राजा तुतनखामेन याच्या थडग्यातील खंजीर अशाच लोखंडाचा आहे. पुढे दगडातून लोखंड गाळण्याची विद्या माणसाला अवगत झाली. महाराष्ट्रात नागपूर जिल्ह्यातील नायकुंड येथे उत्खननात लोखंड गाळण्याची प्राचीन भट्टी सापडली आहे. ती सुमारे अडीच हजार वर्षांहून जुनी मानली जाते.

रक्तात लोह आहे हे समजायला मात्र अठरावे शतक उजाडले. १७४० च्या दशकात इटलीतील विन्चेन्झो मेंघिनी यांनी रक्ताची राख करून त्यातले कण लोहचुंबकाला चिकटतात हे दाखवले. त्यानंतर १८३० च्या दशकात फ्रान्सचे डॉक्टर पिएर ब्लॉड यांनी फिकट पडलेल्या तरुण मुलींना फेरस सल्फेट असलेल्या गोळ्या देऊन बरे केले. आज सरकारी दवाखान्यात मिळणारी गोळी हे त्याच औषधाचे सुधारलेले रूप आहे.

या गोळीचा मुंबईशीही संबंध आहे. १९२८ साली इंग्लंडच्या डॉ. ल्युसी विल्स मुंबईत आल्या आणि गिरण्यांत काम करणाऱ्या गर्भवती स्त्रियांच्या रक्तक्षयाचा त्यांनी अभ्यास केला. काही स्त्रियांचा रक्तक्षय यीस्टच्या अर्काने बरा होतो असे त्यांना आढळले. त्यातला गुणकारी घटक फोलिक ॲसिड होता, हे पुढे स्पष्ट झाले. म्हणूनच आजच्या गोळीत लोहाबरोबर फोलिक ॲसिडही असते.

शरीरात लोह काय करते?

प्रौढ माणसाच्या शरीरात साधारण ३ ते ४ ग्रॅम लोह असते, म्हणजे एका लहान खिळ्याएवढे. त्यातले जवळपास दोन तृतीयांश लाल पेशींमधल्या हिमोग्लोबिनमध्ये असते. हिमोग्लोबिनच्या एका रेणूत लोहाचे चार अणू असतात. फुफ्फुसातला ऑक्सिजन ते पकडतात आणि शरीरभर पोहोचवतात. स्नायूंना आणि मेंदूलाही लोह लागते. म्हणून लोह कमी झाले की थकवा येतो, आणि मुलांचे अभ्यासातले लक्षही कमी होते.

शरीर लोह फार काटकसरीने वापरते. लाल पेशी सुमारे १२० दिवस जगते, आणि ती मेल्यावर तिच्यातले लोह पुन्हा नव्या पेशीसाठी वापरले जाते. त्यामुळे निरोगी पुरुषाचे रोज साधारण १ मिलिग्रॅम लोहच बाहेर जाते. स्त्रियांचे पाळीमुळे जास्त जाते. एका गर्भारपणात एकूण सुमारे १००० मिलिग्रॅम लोह लागते. दोन बाळंतपणांत अंतर कमी असेल तर हा साठा भरून निघत नाही.

अन्नात लोह असूनही ते कमी का पडते?

हे शेतकऱ्याला समजावून सांगणे सोपे जाते. आपल्या भागातील चुनखडीच्या जमिनीत मोसंबी, सोयाबीन किंवा ऊस पिवळा पडतो. पानाच्या शिरा हिरव्या राहतात आणि मधला भाग पिवळा होतो. माती परीक्षणात लोह दिसते, तरी पिकाला ते उचलता येत नाही, कारण चुन्यामुळे ते न विरघळणाऱ्या फेरिक रूपात अडकलेले असते. मग शेतकरी हिराकस फवारतो. हिराकस म्हणजे फेरस सल्फेट. ब्लॉड यांच्या गोळीतही हेच होते आणि आपल्या दवाखान्यातल्या गोळीतही हेच असते.

माणसाच्या पोटातही असेच घडते. धान्य, डाळी आणि भाज्यांतले लोह बहुतांशी फेरिक रूपात असते. जठरातले आम्ल ते विरघळवते, क जीवनसत्त्व त्याचे फेरस रूप करते आणि मग लहान आतड्याचा सुरुवातीचा भाग ते शोषून घेतो. या साखळीत अडथळे आणणाऱ्या गोष्टी अशा:

• जेवणाबरोबर किंवा लगेच नंतर घेतलेला चहा किंवा कॉफी. चहातले टॅनिन लोहाला बांधून ठेवते.
• कॅल्शियमची गोळी. जमिनीत चुना जे करतो, जवळपास तेच ही गोळी पोटात करते.
• ॲसिडिटी किंवा 'गॅस'च्या गोळ्या. आम्ल कमी झाले की लोह विरघळत नाही.
• धान्य-डाळींतले फायटेट. भिजवणे, मोड आणणे आणि आंबवणे यामुळे ते कमी होते.

मांस, मासे आणि कलेजीतले लोह वेगळ्या रूपात असते व बरेच सहज शोषले जाते. शाकाहारी माणसाला मात्र वरची काळजी घ्यावीच लागते.

हिराकसबाबत एक इशारा द्यायला हवा. शेतीचे हिराकस औषध म्हणून कधीही पोटात घेऊ नका. त्यात इतर घातक धातूंची भेसळ असू शकते आणि मात्राही मोजता येत नाही.

शोषण कमी होणे हे एक कारण झाले. दुसरे मोठे कारण म्हणजे रक्त वाया जाणे. पाळीत जास्त रक्तस्राव, मूळव्याध, जठरातील अल्सर आणि अनवाणी चालताना पायाच्या त्वचेतून शिरणारे हुककृमी यांमुळे रक्त सतत थोडे थोडे कमी होत राहते. गळती बंद केली नाही तर गोळ्यांचा उपयोग तात्पुरताच होतो.

लक्षणे

• लवकर थकणे, जिना चढताना किंवा शेतात काम करताना दम लागणे
• छातीत धडधड, चक्कर, डोकेदुखी
• डोळ्यांच्या पापण्यांची आतली बाजू, जीभ, नखे फिकट दिसणे
• नखे ठिसूळ किंवा चमच्यासारखी खोलगट होणे, केस गळणे
• माती, खडू, राख, कच्चे तांदूळ किंवा बर्फ खाण्याची इच्छा होणे

शेवटच्या लक्षणाची घरात चेष्टा होते किंवा त्यावरून रागावले जाते. माती खाणारी बाई किंवा मूल हट्टी नसते. बऱ्याचदा तिच्या शरीरात लोह कमी असते. अशा वेळी आधी रक्त तपासा.

रक्तक्षय हळूहळू वाढला तर शरीर त्याला सरावते. हिमोग्लोबिन ७ असलेली बाई रोज कापूस वेचायला जाते आणि "मला काही होत नाही" असे सांगते. म्हणून लक्षणांची वाट पाहू नका.

तपासणी आणि आकडे

हिमोग्लोबिनची तपासणी प्राथमिक आरोग्य केंद्रात होते. पुढील आकड्यांपेक्षा कमी हिमोग्लोबिन म्हणजे रक्तक्षय (ग्रॅम प्रति डेसिलिटर):

• पुरुष: १३
• गर्भवती नसलेल्या स्त्रिया: १२
• गर्भवती स्त्रिया: ११
• ५ ते ११ वर्षांची मुले: ११.५
• ५ वर्षांखालील मुले: ११

गर्भवती स्त्रीचे हिमोग्लोबिन ७ पेक्षा कमी असेल तर तो तीव्र रक्तक्षय असतो. तिला रुग्णालयातच उपचार लागतात.

प्रत्येक रक्तक्षय लोहाच्या कमतरतेमुळे होत नाही. बी-१२ किंवा फोलिक ॲसिडची कमतरता, थॅलेसेमिया, सिकलसेल आणि मूत्रपिंडाचे आजार यांतही हिमोग्लोबिन कमी होते. थॅलेसेमियात तर गरज नसताना दिलेले लोह शरीरात साठून अपाय करते. म्हणून गोळ्यांनी महिनाभरात फरक पडला नाही तर नुसता ब्रँड बदलू नका. सीबीसी आणि फेरिटिन या तपासण्या करून घ्या. फेरिटिनवरून शरीरातील लोहाचा साठा कळतो.

आहारात काय घ्यावे?

भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०२० च्या शिफारशीनुसार प्रौढ पुरुषाला रोज १९ आणि प्रौढ स्त्रीला २९ मिलिग्रॅम लोह आहारातून मिळायला हवे. १०० ग्रॅम पदार्थातील लोहाचे साधारण प्रमाण असे:

• मटकी: ८ मिलिग्रॅम
• हरभरा: ६ ते ७ मिलिग्रॅम
• बाजरी: ६ मिलिग्रॅम
• ज्वारी: ४ मिलिग्रॅम
• गूळ: ४ ते ५ मिलिग्रॅम
• पालक: ३ मिलिग्रॅम

तीळ आणि हाळीव (अळीव) यांत लोह यापेक्षा बरेच जास्त असते. या यादीवरून दोन गैरसमज दूर व्हावेत. गुळाचा १० ग्रॅमचा खडा खाल्ला तर जेमतेम अर्धा मिलिग्रॅम लोह मिळते. आणि लाल रंगाचा बीट लोहाच्या बाबतीत आपल्या बाजरीच्या भाकरीच्या जवळपासही येत नाही. त्याचा रंग वेगळ्याच द्रव्याचा आहे.

रोजच्या जेवणात करण्यासारखे बदल:

• बाजरीची भाकरी आणि मोड आलेल्या मटकीची उसळ खा, वरून लिंबू पिळा. लिंबू शिजवताना घालू नका, कारण उष्णतेने क जीवनसत्त्व कमी होते.
• जेवणाबरोबर पेरू, आवळा किंवा मोसंबी घ्या. जालन्याच्या मोसंबीला भौगोलिक मानांकन आहे. ती घरच्या ताटातही यायला हवी.
• चहा जेवणाच्या एक तास आधी किंवा दोन तासांनी घ्या. सकाळी चहात भाकरी बुडवून खाण्याची सवय सोडा.
• भाजी लोखंडी कढईत करा. टोमॅटो, चिंच किंवा आमसूल असलेल्या भाजीत कढईतले लोह जास्त उतरते. भाजी झाली की दुसऱ्या भांड्यात काढून ठेवा.
• बाळ ६ महिन्यांचे झाले की वरचे अन्न सुरू करा. वर्षानंतर फक्त दुधावर ठेवलेले गुटगुटीत मूलही रक्तक्षयी असू शकते. दुधात लोह अगदी कमी असते.

हिमोग्लोबिन एकदा कमी झाले की नुसत्या आहाराने ते भरून येत नाही. त्यासाठी गोळ्या लागतातच. आहाराचे काम ते पुन्हा कमी होऊ न देणे हे आहे.

लोहाच्या गोळ्या कशा घ्याव्यात?

२०१८ पासून सुरू असलेल्या 'ॲनिमिया मुक्त भारत' कार्यक्रमात या गोळ्या मोफत मिळतात. गर्भवती स्त्रीला चौथ्या महिन्यापासून रोज एक लाल गोळी (६० मिलिग्रॅम लोह आणि ५०० मायक्रोग्रॅम फोलिक ॲसिड) किमान १८० दिवस, आणि बाळंतपणानंतर आणखी १८० दिवस घ्यायची असते. किशोरवयीन मुलामुलींना आठवड्याला एक निळी गोळी, ५ ते ९ वर्षांच्या मुलांना आठवड्याला एक गुलाबी गोळी आणि त्याहून लहान मुलांना आठवड्यातून दोनदा सिरप दिले जाते. रक्तक्षय आधीच असेल तर डॉक्टर मात्रा वाढवतात.

• गोळी शक्यतो रिकाम्या पोटी, लिंबूपाण्याबरोबर घ्या. मळमळ होत असेल तर जेवणानंतर किंवा रात्री झोपताना घेतली तरी चालते. गोळी बंद करण्यापेक्षा ते बरे.
• चहा किंवा दुधाबरोबर गोळी घेऊ नका.
• कॅल्शियमची गोळी वेगळ्या वेळी घ्या. लोह रात्री आणि कॅल्शियम सकाळी-दुपारी जेवणाबरोबर असे ठरवून टाकले की गोंधळ होत नाही.
• एक दिवस चुकला म्हणून दुसऱ्या दिवशी मनाने दुप्पट गोळ्या घेऊ नका. मोठी मात्रा घेतल्यावर शरीर हेप्सिडिन नावाचे संप्रेरक वाढवते आणि आतड्याकडून लोह घेणे काही काळ कमी करते. जास्तीच्या गोळ्यांनी पोटच बिघडते.
• जंताची गोळी डॉक्टरांच्या किंवा आशाताईंच्या सल्ल्याने घ्या.

तीन-चार आठवड्यांत हिमोग्लोबिन साधारण १ ग्रॅमने वाढायला हवे. ते नॉर्मल झाल्यावरही गोळ्या आणखी तीन महिने घ्याव्या लागतात, कारण रक्त भरले तरी साठा रिकामाच असतो. बहुतेक जण इथेच थांबतात आणि वर्षभरात पुन्हा त्याच आकड्यावर येतात.

गर्भारपणात हे इतके महत्त्वाचे का?

बाळंतपणात थोडा रक्तस्राव प्रत्येकीला होतो. हिमोग्लोबिन १२ असलेली बाई तो सहन करते. तेवढाच रक्तस्राव हिमोग्लोबिन ६ किंवा ७ असलेल्या बाईच्या जिवावर बेतू शकतो, आणि रात्री खेड्यातून रक्त उपलब्ध असलेल्या रुग्णालयापर्यंत पोहोचायला वेळ लागतो. बाळ कमी वजनाचे होण्याचा आणि वेळेआधी जन्मण्याचा धोकाही वाढतो.

नवव्या महिन्यात गोळ्यांनी रक्त भरायला वेळ उरत नाही. तेव्हा शिरेतून लोह द्यावे लागते किंवा रक्त चढवावे लागते. म्हणून पहिली तपासणी पहिल्या तीन महिन्यांत करा. सर्वात चांगले म्हणजे मुलीचे हिमोग्लोबिन लग्नाआधी, शाळा-कॉलेजच्या वयातच नीट करून घ्या. सासूबाई आणि नवरा यांनीही गोळीची आठवण ठेवली तर ती नियमित घेतली जाते, हा माझा अनुभव आहे.

लोह जास्त झाले तर?

लोहाच्या गोळ्या लहान मुलांसाठी विषारी ठरू शकतात. चमकदार लाल गोळी मुलाला चॉकलेटसारखी वाटते. १० किलो वजनाच्या मुलाने अशा दहा गोळ्या खाल्ल्या तर जिवाला धोका असतो. सुरुवातीला उलट्या, पोटदुखी आणि रक्ताचे जुलाब होतात. मग काही तास मूल बरे वाटते आणि त्यानंतर प्रकृती एकदम ढासळते. मूल बरे दिसते म्हणून घरी थांबू नका. गोळ्यांचे पाकीट घेऊन लगेच मोठ्या रुग्णालयात जा. गोळ्या कुलपात किंवा उंचावर ठेवा.

कारखान्यात काम करणाऱ्यांसाठी

"मी दिवसभर लोखंडातच असतो, मग माझं रक्त कमी कसं?" असे एका रोलिंग मिल कामगाराने मला विचारले होते. धातूची धूळ अंगावर किंवा श्वासात गेली म्हणून हिमोग्लोबिन वाढत नाही. उलट ती फुफ्फुसात साठते, म्हणून मास्क वापरा. त्या कामगाराला मूळव्याधीतून कित्येक महिने रक्त जात होते. संकोचामुळे ते त्याने कोणालाही सांगितले नव्हते.

ग्राइंडिंग करताना डोळ्यात लोखंडाचा कण गेला तर काडी किंवा रुमालाने काढू नका. कण आत राहून गंजला तर दृष्टी जाऊ शकते. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे त्याच दिवशी जा. पुढे कधी एमआरआय करायची वेळ आली तर डोळ्यात कण गेला होता हे आधी सांगा.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

गोळीने शौच काळी होते. काही बिघडले का?
नाही. न शोषलेल्या लोहाचा तो रंग आहे. मात्र शौच डांबरासारखी चिकट आणि दुर्गंधीयुक्त असेल तर आतून रक्तस्राव असू शकतो. लगेच दाखवा.

गोळ्यांनी बाळ काळे होते का?
नाही. बाळाचा रंग आई-वडिलांच्या गुणसूत्रांवर ठरतो.

सलाईन लावून रक्त वाढते का?
साध्या सलाईनने एक थेंबही रक्त वाढत नाही. शिरेतून देण्याचे लोहाचे इंजेक्शन वेगळे असते. ते तपासणीनंतर आणि डॉक्टरांच्या देखरेखीखालीच घ्यायचे असते.

गंजलेला खिळा लागला की धनुर्वात गंजामुळे होतो का?
नाही. तो मातीत आणि शेणात असणाऱ्या जंतूंमुळे होतो. खिळा गंजलेला नसला तरी जखम धुवा आणि इंजेक्शनबाबत विचारा.

डॉक्टरांकडे कधी जावे?

• बसल्या जागी दम लागणे, छातीत दुखणे, पायावर सूज किंवा चक्कर येऊन पडणे: त्याच दिवशी
• गर्भवती असून हिमोग्लोबिन १० पेक्षा कमी: त्याच आठवड्यात
• पाळी सात दिवसांपेक्षा जास्त टिकणे किंवा गाठी पडणे
• कोणत्याही पुरुषाला, किंवा पाळी थांबलेल्या स्त्रीला लोहाची कमतरता आढळणे

शेवटच्या मुद्द्याकडे विशेष लक्ष द्या. अशा व्यक्तीचे रक्त कुठून तरी जात असते. कारण साधी मूळव्याध असू शकते किंवा आतड्याचा कर्करोगही असू शकतो. वर्षभर टॉनिक पीत राहिल्याने आकडा थोडा सुधारतो, पण निदान लांबते. रक्त वाढवण्याबरोबरच ते का कमी झाले हेही आपल्या डॉक्टरांना विचारा.

(ही माहिती सर्वसाधारण मार्गदर्शनासाठी आहे. औषध सुरू करण्यापूर्वी किंवा बंद करण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांचा सल्ला घ्या.)